घरच्या हवेची गाळणी: वीज, कचरा आणि खिडकी

एअर प्युरिफायर ही दिल्लीकरांची गरज आहे, असं मुंबई-पुण्यात काही वर्षांपूर्वीपर्यंत सहज बोललं जायचं. मुंबईला समुद्राचा वारा आहे, पुण्याची हवा मुळातच चांगली, अशी आपली समजूत होती. २०२२-२३च्या हिवाळ्यात ती मोडली. मुंबईच्या हवेचा निर्देशांक काही दिवस दिल्लीच्या पंगतीला जाऊन बसला. ‘ला निना’मुळे वाऱ्यांचा वेग मंदावला, असं स्पष्टीकरण हवामानशास्त्रज्ञांनी दिलं. बांधकामं, रस्त्यावरची धूळ आणि वाहनं ही कारणं आधीपासून होतीच. वारा थांबला तशी ती उघडी पडली. २०२३च्या ऑक्टोबरमध्ये मुंबई महापालिकेने बांधकामांसाठी नियमावली काढली आणि उंच इमारतींच्या प्रकल्पांना ३५ फूट उंचीचे पत्रे लावणं सक्तीचं केलं. त्याच सुमारास मुंबई उच्च न्यायालयानेही हवेच्या प्रश्नाची स्वतःहून दखल घेतली.

हवा रोजच्या बोलण्यात यायला आणखी एक कारण घडलं. पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेची ‘सफर’ ही प्रणाली पुण्यात २०१३ पासून आणि मुंबईत २०१५ पासून हवेचे आकडे देऊ लागली. २०१९च्या जानेवारीत राष्ट्रीय शुद्ध हवा कार्यक्रम सुरू झाला. प्रमाणित पातळी न गाठणाऱ्या शहरांच्या त्याच्या यादीत महाराष्ट्रातली १९ शहरं आहेत, म्हणजे इतर कुठल्याही राज्यापेक्षा जास्त. पीएम २.५ या सूक्ष्म कणांची वार्षिक सरासरी घनमीटरमागे ४० मायक्रोग्रॅमपर्यंत असावी, असं आपलं राष्ट्रीय मानक सांगतं. जागतिक आरोग्य संघटनेने २०२१ मध्ये हीच मर्यादा ५ वर आणली. दोन आकड्यांत आठपटींचा फरक आहे. त्यामुळे देशी मानकात बसणाऱ्या शहरातही काळजी करायला जागा उरते.

अशा वातावरणात प्युरिफायर ‘घ्यावा की नाही’ हा प्रश्न मागे पडून ‘कोणता घ्यावा’ हा पुढे आला. त्याच्या जोडीला आता आणखी एक शंका आहे. हवा शुद्ध करायला वीज लागते, ती वीज बहुतांशी कोळशातून येते, आणि वर्षा-सहा महिन्यांनी फेकावा लागणारा फिल्टर कचऱ्यात जातो. मग घरातली हवा सुधारताना बाहेरची बिघडवणं कितपत टाळता येईल? या प्रश्नावर शास्त्र काय सांगतं, मतभेद कुठे आहेत आणि काय अजून ठरलेलं नाही, याचा हा आढावा.

गाळणी काम कशी करते

आजच्या बहुतेक प्युरिफायरांच्या पोटात असतो तो हेपा फिल्टर. त्याचं मूळ दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकेच्या अणुबॉम्ब प्रकल्पात आहे. किरणोत्सारी कण हवेतून अडवण्यासाठी तिथे अतिशय दाट तंतूंच्या गाळण्या तयार झाल्या. पुढे त्या प्रयोगशाळा, शस्त्रक्रियागृहं आणि औषध कारखान्यांत गेल्या, आणि तिथून घरात आल्या.

हेपा फिल्टर म्हणजे बारीक भोकांची चाळणी, असा समज सर्रास आढळतो. चाळणीत भोकापेक्षा मोठं ते अडतं आणि लहान ते खाली पडतं. फिल्टरमध्ये तसं होत नाही. मोठे कण हवेबरोबर वळू शकत नाहीत म्हणून तंतूंवर आपटतात. मधले कण तंतूला घासून जाताना चिकटतात. अतिसूक्ष्म कण हवेतल्या रेणूंच्या धक्क्यांनी वेडेवाकडे फिरत राहतात आणि कधी ना कधी तंतूवर आदळतात. या दोन्ही टोकांच्या मधल्या, सुमारे ०.३ मायक्रॉनच्या कणांना पकडणं सगळ्यांत अवघड जातं. म्हणून परीक्षा त्याच आकाराची घेतात. अमेरिकी निकषाप्रमाणे ०.३ मायक्रॉनचे ९९.९७ टक्के कण अडवणाराच हेपा. युरोपीय निकषात एच-१३ वर्गाला ९९.९५ टक्के आणि एच-१४ला ९९.९९५ टक्के गाठावे लागतात. खोक्यावर ‘हेपा-टाइप’ किंवा ‘हेपासारखा’ असं लिहिलेलं असेल, तर या परीक्षांची हमी त्यात नसते.

मोसम संपल्यावर हा फिल्टर काढून हातात घेतला, की त्याची रचना कळते. कागदासारखं पांढरं कापड दाट चुण्या घालून चौकटीत बसवलेलं असतं. हवा आत शिरते ती बाजू करडी-काळी झालेली असते आणि चुण्यांच्या तळाशी केसांचे, कपड्यांच्या धाग्यांचे पुंजके अडकलेले असतात. दुसरी बाजू जवळजवळ कोरीच. चुण्या उलगडल्या तर कापडाचं क्षेत्रफळ चौरस मीटरमध्ये मोजावं लागेल. विजेचा संबंध इथेच येतो. क्षेत्रफळ जितकं जास्त, तितकी हवा कापडातून सावकाश जाते आणि पंख्याला जोर कमी लावावा लागतो. खोल चुण्यांचा जाड फिल्टर महाग पडतो, पण वीज वाचवतो आणि तुंबायलाही वेळ घेतो.

खोक्यावरचे आकडे

जाहिरातीत ९९.९७ हा आकडा ठळक छापतात. तो फिल्टरच्या कापडाचा गुण आहे. खोलीतली हवा किती वेगाने साफ होईल, हे त्यावरून कळत नाही. त्यासाठी सीएडीआर पाहावा लागतो. यंत्र तासाला किती घनमीटर स्वच्छ हवा खोलीत सोडतं, त्याचं हे माप. अमेरिकेतल्या घरगुती उपकरण उत्पादकांच्या संघटनेने ते रूढ केलं आणि आज ते जगभर चालतं.

खोलीला किती सीएडीआर लागेल, याचा त्याच संघटनेचा ठोकताळा सोपा आहे. खोलीचं क्षेत्रफळ चौरस फुटांत घ्यायचं आणि त्याची दोन-तृतीयांश पट करायची. आलेला आकडा मिनिटाला घनफुटांत असतो. डोंबिवलीतल्या एखाद्या वन बीएचकेची १० बाय ११ची बेडरूम घेऊ. क्षेत्रफळ ११० चौरस फूट, म्हणजे हवे ७३ घनफूट. आपल्याकडच्या मापात ते तासाला सुमारे १२५ घनमीटर होतात. आठ फूट उंचीच्या खोलीतली सगळी हवा त्यातून तासाला साधारण पाच वेळा गाळली जाते. आपल्याकडे छत याहून उंच असतं आणि सरकत्या खिडक्यांच्या फटीही मोठ्या असतात. म्हणून १५० धरलेले बरे.

इथे जाणकारांत पहिला मतभेद दिसतो. एका गटाचं म्हणणं असं की घरात हेपाच हवा, कारण परीक्षेत बसलेली तीच एक खात्रीची वस्तू आहे. दुसरा गट म्हणतो की घरातली हवा यंत्रातून पुन्हा पुन्हा फिरते, त्यामुळे एका फेरीत ९९.९७ टक्के कण अडवायची गरज नाही. मेर्व्ह या अमेरिकी श्रेणीतला १३ क्रमांकाचा फिल्टर ०.३ ते १ मायक्रॉनचे निदान निम्मे आणि १ ते ३ मायक्रॉनचे ८५ टक्के कण अडवतो. त्याचा हवेला होणारा अडथळा बराच कमी असतो. समजा, हेपामधून पंखा तासाला १५० घनमीटर हवा ढकलू शकतो आणि सैल फिल्टरमधून ३००. सैल फिल्टरने ६० टक्केच कण पकडले, तरी स्वच्छ हवा १८० घनमीटर मिळते. करोनाकाळात अमेरिकेत गाजलेली कॉर्सी-रोझेंथल पेटी याच हिशेबावर उभी होती. मेर्व्ह-१३चे चार-पाच फिल्टर चौकोनी पेटीसारखे जोडायचे आणि वर खिडकीचा पंखा बसवायचा. बीजिंगमध्ये २०१३ पासून साध्या पंख्याला हेपा बांधून स्वस्त प्युरिफायर बनवण्याची चळवळही झाली. अशी जोडणी स्वस्त पडते आणि दुरुस्त करता येते. हेपाचा आग्रह धरणाऱ्यांचा आक्षेप असा की घरी बांधलेल्या वस्तूतल्या फटी, पंख्याच्या मोटारीवरचा ताण आणि आवाज यांची परीक्षा कुणी घेतलेली नसते.

मेर्व्हविषयीचा बराचसा सल्ला अमेरिकेतून येतो, आणि तिथल्या घरांत सगळ्या खोल्यांना एकाच यंत्रातून नळीवाटे हवा मिळते. आपल्या स्प्लिट एसीला तो लावून चालत नाही. एसीच्या तोंडाशी असलेली जाळी केस आणि मोठी धूळ अडवण्यापुरतीच असते. त्याच्या ब्लोअरला दाट फिल्टरमधून हवा ओढण्याचा जोर नसतो.

विजेचा हिशेब

प्युरिफायरची वीज मोजण्याची रास्त रीत म्हणजे एका वॅटमागे किती स्वच्छ हवा मिळते ते पाहणं. अमेरिकेच्या एनर्जी स्टार योजनेत मोठ्या यंत्रांसाठी वॅटमागे मिनिटाला निदान २.९ घनफूट ही अट आहे, म्हणजे तासाला सुमारे ४.९ घनमीटर. चीनच्या २०१५च्या राष्ट्रीय मानकात उत्तम श्रेणीसाठी ५ घनमीटर धरले होते. दोन वेगवेगळ्या देशांनी जवळपास एकच रेघ आखावी, यावरून हे माप वापरण्याजोगं आहे असं म्हणता येतं. बाजारातली बरीच चांगली यंत्रं ही रेघ सहज ओलांडतात.

पंख्याच्या गणितात एक गंमत आहे. हवेचा वेग निम्मा केला, तर लागणारी शक्ती निम्मी न होता तत्त्वतः एक-अष्टमांश होते. प्रत्यक्षात इलेक्ट्रॉनिक भागांची वीज धरून ती चौथ्या-पाचव्या हिश्शावर येते. म्हणून खोलीच्या गरजेला नेमकं पुरणारं छोटं यंत्र पूर्ण वेगाने चालवण्यापेक्षा दुप्पट क्षमतेचं यंत्र निम्म्या वेगाने चालवणं विजेला स्वस्त पडतं. आवाजही कमी होतो. आवाजाची बाब किरकोळ नाही. रात्री घरघर नको म्हणून बंद केलेलं यंत्र कितीही कार्यक्षम असलं, तरी उपयोगाचं नसतं.

आता वर्षाचा हिशेब. तासाला ३०० घनमीटरचं, पूर्ण वेगावर ४० वॅटचं यंत्र घेऊ. ते चोवीस तास, बाराही महिने पूर्ण वेगाने चालवलं, तर वर्षाला ३५० युनिट होतात. देशातल्या विजेमागचं कार्बन उत्सर्जन युनिटला साधारण ०.७ किलो धरलं, तर ते २४५ किलो भरतं. तेच यंत्र निम्म्या वेगाने, १० वॅटवर, रोज बारा तास आणि हवा वाईट असते त्या १२० दिवसांतच चालवलं तर १४ युनिट पुरतात. यंत्र तेच, पण खर्चात पंचवीसपटींचा फरक. मुंबई-पुण्यासाठी मोसमी वापराचा हा मुद्दा विशेष लागू पडतो. पावसाळ्यात इथली हवा आपोआप धुतली जाते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हाच खरा अडचणीचा काळ.

खरी मेख मात्र खिडकीत आहे. प्युरिफायर नीट चालायला खिडकी बंद हवी. ऑक्टोबरच्या उकाड्यात मुंबईत खिडकी बंद केली की एसी लागतो. दीड टनी एसी तासाला एक ते दीड युनिट घेतो असं धरलं, तर आठ-आठ तासांच्या एक-दोन रात्रींत तो तेवढी वीज खातो, जेवढी आपल्या उदाहरणातला प्युरिफायर अख्ख्या मोसमात खातो. एसी एरवीही लागणारच असेल, तर प्युरिफायरचा भार नगण्य. पुण्यात डिसेंबर-जानेवारीत थंडीमुळे खिडक्या तशाही बंद असतात, तिथेही तो नगण्यच. पण केवळ प्युरिफायरसाठी एसी सुरू करावा लागणार असेल, तर विजेच्या हिशेबात फिल्टरच्या निवडीला फारसा अर्थ उरत नाही.

कचऱ्याचा हिशेब

फिल्टर किती दिवस टिकतो, याचं उत्तर बहुतेक यंत्रं वापराचे तास मोजून देतात. ठरलेले तास भरले की दिवा लागतो. फिल्टरचं आयुष्य मात्र तासांपेक्षा त्यात साठलेल्या धुळीवर अवलंबून असतं. चिनी मानकाने यासाठी एक माप आणलं. सीएडीआर निम्म्यावर येईपर्यंत फिल्टर किती मिलिग्रॅम कण पोटात घेतो, ते मोजायचं. सर्वोच्च वर्गासाठी ही क्षमता १२,००० मिलिग्रॅमच्या वर लागते. आपल्या उदाहरणातली खोली घेऊ. १५० घनमीटर वेग, आतल्या हवेत २५ मायक्रोग्रॅम, रोज बारा तास, म्हणजे दिवसाला ४५ मिलिग्रॅम. १२० दिवसांत ५,४०० होतात, तेव्हा चांगला फिल्टर दोन हिवाळे सहज काढील. हेच यंत्र चोवीस तास, पूर्ण वेगाने, ४० मायक्रोग्रॅमच्या हवेत चालवलं, तर दीड महिन्यात क्षमता संपते. ही चाचणी सिगारेटच्या धुरावर होते. आपल्या घरातली धूळ, धागे आणि फोडणीच्या तेलाची वाफ फिल्टरला वेगळ्या तऱ्हेने तुंबवते. त्यामुळे हे आकडे अंदाजापुरतेच घ्यावेत.

दुसरा पेच तंतूंच्या जातीचा आहे. घरगुती फिल्टरांत बहुधा पॉलिप्रॉपिलीन हे प्लास्टिक असतं आणि त्याच्या तंतूंवर कायमचा विद्युतभार भरलेला असतो. भारामुळे कण ओढले जातात, कापड सैल ठेवता येतं आणि वीज वाचते. मात्र काळाबरोबर, धुरामुळे आणि पाण्याने धुतल्यास हा भार उतरतो. फिल्टर दिसायला चांगला असतो, पण पकड गेलेली असते. काचतंतूंचा फिल्टर भारावर अवलंबून नसल्यामुळे त्याची पकड टिकते. पण अडथळा जास्त असल्याने वीज जास्त लागते. एकात वीज वाचते, दुसऱ्यात कामगिरी टिकते. दोन्ही पूर्णपणे एकाच फिल्टरमध्ये मिळणं कठीण.

धुता येणाऱ्या फिल्टरांचा पुरस्कार करणारे कचरा टाळण्यावर बोट ठेवतात. त्यांचा सर्वांत भक्कम दाखला म्हणजे उच्च विद्युतदाबाच्या पट्ट्यांची यंत्रं. त्यांत कणांवर भार देऊन ते धातूच्या पट्ट्यांवर गोळा करतात. पट्ट्या साबणाच्या पाण्याने धुवायच्या, फेकायचं काहीच नाही आणि हवेला अडथळाही जवळजवळ नाही. उलट बाजूचे दोन आक्षेप आहेत. पट्ट्या मळल्या की कार्यक्षमता झपाट्याने पडते, आणि अशा यंत्रांतून थोडा ओझोन निघू शकतो. बाहेरच्या जाळीचा प्री-फिल्टर धुण्याबद्दल मात्र दोन्ही बाजूंचं एकमत आहे. तो दर पंधरवड्याला धुऊन, पूर्ण वाळवून बसवला की आतल्या महाग फिल्टरचं आयुष्य वाढतं. कोकणातल्या दमट हवेत ‘पूर्ण वाळवून’ या शब्दांना महत्त्व आहे. ओलसर फिल्टरवर बुरशी धरते.

वास आणि वायू शोषणाऱ्या सक्रिय कोळशाची गोष्ट निराळी. त्याची क्षमता वजनावर ठरते. जाळीवर भुरभुरलेला थोडासा कोळसा काही आठवड्यांत संपतो, किलोभर कोळशाचा थर बराच काळ टिकतो. पावसाळ्यात हवेतली वाफ त्याची छिद्रं अडवते आणि क्षमता आणखी घटते. वायूंची खास तक्रार नसेल, तर त्या थरासाठी जादा पैसे मोजण्याचं कारण नाही, असं बरेच अभ्यासक सांगतात.

जुना फिल्टर शेवटी सुक्या कचऱ्यात जातो. प्लास्टिकचं कापड, पुठ्ठ्याची किंवा प्लास्टिकची चौकट, गोंद, फोम आणि कधी कोळसा, असं सगळं एकमेकांना चिकटलेलं असल्यामुळे भंगारवाल्याच्या तराजूत त्याला भाव नाही. चौकट कायम ठेवून फक्त कापड बदलण्याची सोय काही रचनांत असते. टिकाऊपणाच्या दृष्टीने ती उजवी म्हणावी लागेल.

फिल्टरविना हवा शुद्ध होते का

आयन सोडणारी, ओझोन बनवणारी, अतिनील किरणांची, प्रकाश-उत्प्रेरकाची अशी यंत्रं ‘फिल्टर बदलण्याची कटकट नाही’ या वचनावर विकली जातात. आयनांमुळे कण हवेतून हटतात ते भिंतीवर, पडद्यांवर आणि जमिनीवर बसतात. पूर्ण नाहीसे होत नाहीत. अतिनील किरणं जंतूंवर चालतात, धुळीवर नाही. ओझोनबद्दल तर वादच उरलेला नाही. तो स्वतःच फुप्फुसाला त्रासदायक आहे. कॅलिफोर्नियाच्या वायू मंडळाने घरगुती यंत्रांतल्या ओझोनला ०.०५ पीपीएमची मर्यादा घातली असून तिथे प्रमाणित यंत्रंच विकता येतात. आपल्याकडे यंत्र घेतानाही हा आकडा विचारावा.

झाडांचा दावा सगळ्यांत लोकप्रिय आणि मनाला पटणारा. त्याचा उगम नासाच्या १९८९च्या अभ्यासात आहे. बंद काचपेटीत कुंडीतल्या झाडांनी काही वायू शोषून घेतले, असं त्यात दिसलं. अमेरिकेतल्या ड्रेक्सेल विद्यापीठाच्या दोन संशोधकांनी पुढे अशा अनेक प्रयोगांचे निष्कर्ष एकत्र तपासले. खिडकीच्या फटींतून होणाऱ्या नैसर्गिक वायुविजनाची बरोबरी करायची, तर चौरस मीटरला १० ते १,००० झाडं लागतील, असं त्यांचं गणित निघालं. म्हणजे मनीप्लँट शोभेसाठी जरूर ठेवावा, हवेसाठी त्यावर विसंबू नये. झाडाच्या मुळांशी पंख्याने हवा ओढणारं एक यंत्र आयआयटी रोपड आणि कानपूरच्या संशोधकांनी २०२१ मध्ये पुढे आणलं. त्याच्याही पेटीत प्री-फिल्टर, कोळसा आणि हेपा असे थर आहेतच. त्यामुळे त्यातल्या झाडाच्या वाट्याचं श्रेय किती, हे वेगळं काढणं सोपं नाही.

आधी उगम, मग गाळणी

घरातली सगळीच धूळ बाहेरून येत नाही. डासांची एक कॉइल पूर्ण जळेपर्यंत जितके पीएम २.५ कण सोडते ते ७५ ते १३७ सिगारेटींइतके भरतात, असं २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात आढळलं होतं. उदबत्ती, धूप, तळण आणि मिरचीची फोडणी यांचीही त्यात भर पडते. रात्री बंद खोलीत कॉइल लावून शेजारी प्युरिफायर चालवायचा, म्हणजे वीज आणि फिल्टर दोन्ही वाया. त्यापेक्षा खिडकीला जाळी आणि अंथरुणाला मच्छरदाणी लावणं वीज न खाता तेच काम करतं. स्वयंपाकघरात एक्झॉस्ट फॅन किंवा बाहेर हवा फेकणारी चिमणी लावावी. धूर खोलीभर पसरून मग गाळण्यापेक्षा तो जागेवरच बाहेर काढणं केव्हाही स्वस्त. ज्या घरात अजून चुलीवर रांधलं जातं तिथला प्रश्न इंधनाचा आहे, फिल्टरचा नव्हे.

उगम आवरल्यावर दोन विचारधारा समोरासमोर येतात. एक म्हणते, खिडक्या लावा, फटी बुजवा आणि आतली हवा गाळा. दुसरी म्हणते, घराला वारा हवा. बंद खोलीत माणसांच्या श्वासातून कार्बन डायऑक्साइड साठतो, ओल आणि स्वयंपाकाचे वायू कोंडतात, आणि कणांचा फिल्टर यांपैकी काहीही काढत नाही. स्प्लिट एसीही बाहेरची हवा आत घेत नाही. दोन्ही म्हणणी खरी आहेत, आणि ढोबळ गणिताने त्यांच्यातली देवघेव दाखवता येते. बाहेर १०० मायक्रोग्रॅम आहेत असं धरू. बंद खिडकीच्या, तासाला एकदा हवा बदलणाऱ्या खोलीत प्युरिफायरविना सुमारे ६० राहतात. तासाला पाच वेळा हवा गाळणारं यंत्र लावलं की १३ वर येतात. खिडकी थोडी किलकिली ठेवली, तर ३३च्या आसपास. सताड उघडली, तर ६५. म्हणजे उघड्या खिडकीत यंत्र अगदीच निरुपयोगी ठरत नाही, पण त्याच विजेत आणि त्याच फिल्टरमध्ये फायदा मात्र फार कमी मिळतो. दुपारी वारा सुटतो, हवा त्यातल्या त्यात बरी असते, तेव्हा खिडक्या उघडाव्यात आणि रात्री-पहाटे बंद करून यंत्र चालवावं, ही मधली वाट बहुतेक तज्ज्ञांना मान्य आहे.

तब्येतीला फरक पडतो का

हवेतले कण कमी होतात, यात शंका नाही. ते शरीरात किती दिसतं, याचे पुरावे संमिश्र आहेत. शांघायमध्ये ३५ निरोगी विद्यार्थ्यांच्या खोल्यांत ४८ तास फिल्टर चालवले, तेव्हा पीएम २.५ ९६ वरून ४१ वर आले आणि रक्तदाबात थोडी पण मोजण्याजोगी घट झाली. २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासाचा दाखला पुष्कळदा दिला जातो. त्याचा अवधी मात्र जेमतेम दोन दिवसांचा होता. अमेरिकेत फुप्फुसाच्या जुनाट विकाराच्या ११६ रुग्णांवर झालेल्या, २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत जीवनमानाच्या मुख्य निकषावर ठळक फरक दिसला नाही. श्वसनाची काही लक्षणं आणि विकार बळावण्याचे प्रसंग मात्र कमी झाले. मंगोलियाच्या उलानबातरमध्ये गर्भवतींच्या घरी हेपा लावल्यावर घरातले कण २९ टक्क्यांनी घटले. सगळ्या बाळांच्या सरासरी वजनात निर्णायक फरक पडला नाही, पूर्ण दिवस भरलेल्या बाळांत मात्र वाढ आढळली. यावरून इतकं म्हणता येतं की दमा, हृदयविकार, गरोदरपण किंवा लहान मूल असलेल्या घरात फायद्याची शक्यता जास्त. निरोगी माणसाला वर्षानुवर्षांत किती लाभ होतो, याबद्दल ठाम विधान करता येईल इतका पुरावा साठलेला नाही.

काय ठरलं, काय राहिलं

काही गोष्टी आता वादाबाहेर आहेत. ओझोन सोडणारं यंत्र घरात नको. खोलीच्या मापाचा सीएडीआर हा ९९.९७ टक्क्यांपेक्षा महत्त्वाचा आकडा. मोठं यंत्र मंद वेगावर, हवा वाईट असते त्या महिन्यांत आणि तासांतच चालवावं. प्री-फिल्टर धुवावा, हेपा धुऊ नये. घरातला धूर आधी थांबवावा.

अनिर्णित प्रश्न त्याहून अधिक आहेत. फ्रिज-एसी घेताना तारे पाहायची सवय ग्राहकाला लागली आहे. प्युरिफायरच्या खोक्यावर मात्र वॅटमागे किती हवा आणि फिल्टर किती मिलिग्रॅम धूळ पेलतो, हे आकडे क्वचितच दिसतात. ते नसतील, तर ‘पर्यावरणपूरक’ या शिक्क्याची पारख ग्राहकाने करायची कशी? सिगारेटच्या धुरावर झालेल्या चाचण्या आपल्या बांधकामांच्या धुळीला आणि कोकणातल्या दमटपणाला कितपत लागू पडतात? वापरलेले फिल्टर परत घेण्याची जबाबदारी कुणाची? भारित प्लास्टिकला कमी विजेचा आणि कमी कचऱ्याचा पर्याय निघेल का? बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेने चहातल्या पॉलिफेनॉलांचा लेप दिलेले जंतुनाशक फिल्टर पुढे आणले आहेत. ते फिल्टरवर वाढणाऱ्या जंतूंचा प्रश्न हाताळतात, कचऱ्याचा प्रश्न तसाच राहतो.

सर्वांत अवघड प्रश्न सामाजिक आहे. २०२५ अखेर प्युरिफायरवरचा १८ टक्के जीएसटी कमी करण्याची मागणी दिल्ली उच्च न्यायालयापर्यंत गेली. हे आरोग्याचं साधन आहे, चैन नव्हे, हा त्यामागचा युक्तिवाद. दुसरी बाजू अशी की पत्र्याच्या छपराच्या बैठ्या घरात खिडकी-दार बंद करून राहणं शक्यच नसतं, आणि हवेचा सर्वाधिक मारा तिथेच होतो. तिथे कर कितीही उतरला, तरी यंत्राचा उपयोग थोडाच. खासगी गाळण्यांमुळे सार्वजनिक हवेसाठीचा रेटा कमी होतो, अशी भीतीही काही जण व्यक्त करतात. उलट घरातला आकडा रोज दिसू लागल्यानेच लोक बाहेरच्या हवेबद्दल बोलू लागले, असं मानणारेही आहेत. या दोहोंपैकी काय खरं, हे सांगणारा अभ्यास आपल्या शहरांत व्हायला हवा. तोवर ग्राहकापुरता मुद्दा इतकाच: फिल्टर कोणता, याआधी खिडकी केव्हा बंद करायची आणि यंत्र किती तास चालवायचं हे ठरवावं. वीज आणि कचरा या दोन्हींची बचत प्रामुख्याने त्या ठरवण्यात आहे, यंत्राच्या निवडीत त्या मानाने कमी.